सगळ्या घरी पाणी गोड

गेल्या रविवारी फोनवर तुम्ही दोघांनी विचारलंत की नांदेडच्या आजीशी माझं काय बिनसलं होतं. मी "काही नाही" म्हणाले आणि मागून तुमचे आजोबा हसले, ते तुम्ही ऐकलंत. फोनवर मला नीट सांगता येत नाही. कधी तुमची घाई असते, कधी आवाज अडकतो. म्हणून लिहिते, आणि क्रमाने लिहिते. चूक माझी होती हे आधीच सांगून टाकते, नाहीतर शेवटापर्यंत तुम्ही तेवढंच शोधत बसाल.

लग्नानंतर आम्ही नांदेडला गोदावरीच्या बाजूच्या वस्तीत दोन खोल्या भाड्याने घेतल्या होत्या. खोल्या हवेशीर, मालक बोलायला अगदी मऊ. पहिल्याच पावसाळ्यात एका सकाळी माझ्या दोन्ही ट्रंका पाण्यात उभ्या होत्या. शेजारीण दारातून म्हणाली, "दरसाल येतंय की. तुमाला सांगितलं न्हाई का मालकानं?" ट्रंकेत माझी हैदराबादच्या शाळेतली इंग्रजी पुस्तकं होती. ती वाळवताना मी ठरवलं की इथून पुढे घर घेण्याआधी काय काय बघायचं ते कागदावर मांडून ठेवायचं.

पुढे आम्ही लातूरला आलो आणि मी कॉलेजात इंग्रजी शिकवू लागले. ग्रंथालयात संगणक आले तेव्हा पुस्तकांची कार्डं ठेवायचं लाकडी कपाट भंगारात निघालं. ते मी मागून घरी आणलं. तुम्ही लहानपणी त्याचे खण ओढून खेळायचात, तेच ते. त्यात मी घरांची कार्डं ठेवू लागले. एका इमारतीला एक कार्ड. गल्ली, भिंतीवर रंगवलेला घराचा क्रमांक, जिना किती रुंद, किती मुलींमागे एक न्हाणीघर, दार किती वाजता बंद होतं, मालकीण कशी, पाणी कसं.

तुम्हाला ठाऊक आहे, लातूरला खेड्यापाड्यांतून मुलं डॉक्टरकीच्या परीक्षेची तयारी करायला येतात. जून उजाडला की मुरूड, निलंगा, देवणी, उदगीर इकडून आईवडील मुलींना घेऊन येतात आणि गल्लोगल्ली "खोली आहे का" विचारत फिरतात. त्यातले बरेच माझ्या ओसरीवर यायचे. कुणाची तरी बहीण, कुणाची भाची माझ्या हाताखाली शिकलेली असायची. मी वेताच्या खुर्चीत बसायची, त्यांचं ऐकून घ्यायची आणि खणातून तीन कार्डं काढून द्यायची. "मॅडमनं सांगितलेली खोली" म्हटलं की बायका निश्चिंत होऊन गावी जायच्या. निवृत्तीनंतर मला कुणी विचारायचं ते एवढ्याच कामासाठी, आणि ते मला फार आवडायचं. हे मी तुमच्या आजोबांशीही कधी मोकळेपणी बोलले नाही.

दोन वर्षांपूर्वी माझी धाकटी जाऊ, म्हणजे तुमची नांदेडची आजी, आमच्याकडे राहायला आली. तुमचे धाकटे आजोबा गेल्यावर ती एकटी पडली होती. तिच्या मुलाची बदली लातूरला झाली, पण त्याचं घर दीड खोलीचं. तिला जवळ वेगळं घर हवं होतं. ते मिळेपर्यंत आमच्या मागच्या खोलीत तिची सोय केली. तिची सगळी नोकरी घरपट्टीच्या विभागात गेलेली. शिक्षण गावात, मराठीतून. मी तिला लग्नात पाहिलं तेव्हा ती माझ्या इंग्रजीला घाबरायची. हे मला उगाच आठवत राहतं, म्हणून लिहिलं.

आता तुमचा फोन. आठवतं का गं तुला? तू तिकडे परदेशात नवीन घर शोधत होतीस आणि सांगत होतीस की तुमच्या शहराच्या साइटवर इमारतीचा पत्ता टाकला की भाडेकरूंच्या तक्रारी दिसतात. कुठे उंदीर झाले, कुठे हिवाळ्यात गरम पाणी बंद होतं, मालकाने दुरुस्ती केली की नाही. एक घर तू त्यावरूनच सोडलंस. मी म्हणणार होते की माझी कार्डं म्हणजे दुसरं काय आहे. तेवढ्यात ती माझ्या खांद्यामागून फोनात डोकावली आणि म्हणाली, "आपल्याकडं बी हाय की. घरपट्टीत समदं दिसतंय."

तू ओरडलीसच. "नांदेडची आजी, म्हणजे कसं? दाखव ना!"

तिने दाखवलं. घरावर मालमत्ता क्रमांक रंगवलेला असतो. तो महापालिकेच्या साइटवर टाकला की घरपट्टीचं बिल उघडतं, कुणाच्याही घराचं, कुणालाही. त्यात मजले किती नोंदवलेत, बांधकाम कधीचं, घर राहण्यासाठी की धंद्यासाठी, मालक स्वतः राहतो की भाडेकरू, विनापरवाना बांधकामाचा दंड लागलाय का, नळ आहे की नाही. पावसाळ्याआधी धोकादायक इमारतींची यादी लागते, ती तिने जपून ठेवलेली. पूररेषेचा नकाशा तिच्या फोनात होता. त्यावर बोट ठेवून ती मला म्हणाली, "अक्का, तुमचं नांदेडचं पैलं घर बगा. निळ्या रेषेच्या आत. तवा मला ठाऊक असतं तर मी सांगितलं असतं."

तुझा धाकटा भाऊ मागून म्हणाला, "आजी, तुझी कार्डं पण छान आहेत हं." तो बिचारा माझी समजूत काढत होता. समजूत काढावी लागते आहे, हेच मला झोंबलं.

पुढच्या आठवड्यापासून तुमचे फोन तिच्या फोनवर यायला लागले. तुम्ही दोघं तिला घरांच्या नोंदींचा तक्ता करून देत होतात आणि ती तुम्हाला रकाने सांगत होती. मागच्या खोलीतून तुमचं हसणं ऐकू यायचं. मी स्वयंपाकघरात भांडी जरा जोरात ठेवायची. त्या दिवसांत मला तिच्या चपलांचाही राग यायचा. ती अंगठ्याला थुंकी लावून कागद उलटते, त्याचाही. "अनऑथराइज्ड" हा शब्द ती माझ्यापेक्षा सहज म्हणायची, आयुष्यभर फाइलींत वाचलेला म्हणून, तर त्याचासुद्धा. तुम्ही तिला अजून "नांदेडची आजी"च म्हणता, त्यामुळे लातूरची आजी मी एकटीच, हा विचार करून मी बरं वाटून घ्यायची. या वयात माणूस असं करतं, हे तुम्हाला खोटं वाटेल.

जून आला. मुलींचे आईवडील ओसरीवर येऊ लागले. पहिल्या दिवशी ती दाराशी पाटावर बसली. चौथ्या दिवशी मी चहा आणायला आत गेले आणि बाहेर आले तर ती माझ्या वेताच्या खुर्चीत होती. चार बायका तिच्या फोनवर वाकलेल्या. मी ट्रे घेऊन उभी.

एकदाच मला आनंद झाला. एका घराची नोंद तिच्या साइटवर "पत्र्याचं, तळमजला" अशी निघाली आणि ते घर मी डोळ्यांनी पाहिलेलं, स्लॅबचं, तीन मजली. मी सगळ्यांसमोर म्हटलं, "बघा, सरकारी कागद हे असे असतात."

ती जराही हलली नाही. "म्हणूनच म्हणून राहिले अक्का. कागदावर पत्रा, जमिनीवर तीन मजले. जो मालक महापालिकेपासून अख्खे मजले दडवून राहिला, तो भाडेकरूपासून काय काय दडवत आसंल?"

बायका हसल्या. एकीने तर तिच्या गुडघ्यावर थाप मारली. मी आत निघून गेले.

मग तो देवणीकडचा शेतकरी आला, मुलीला घेऊन. मुलगी उंच, शांत, सारखी ओढणी बोटाला गुंडाळत होती. मागच्या वर्षी ती दुसऱ्या एका खोलीत राहत होती. तिथल्या पाण्याने तिला कावीळ झाली आणि परीक्षेआधी तीन महिने गावी न्यावं लागलं. वर्ष गेलं. बाप म्हणाला, "मॅडम, औंदाचं शेवटचं बगा. पुन्ना आजारी पडली तर तिची आई ऐकायची न्हाई. सोयरीक आलेली हाय एक. मी थांबवून धरलंय. पाणी तेवढं चांगलं पायजे, बाकी खोली कशी बी असू द्या."

मुलगी तेव्हा पहिल्यांदा वर बघून म्हणाली, "मी लांब चालत जाईन मॅडम. क्लास लांब असला तरी चालंल."

मी खण उघडला. एका बाईंचं घर होतं, माझ्याबरोबर कॉलेजात शिकवलेल्या. स्वच्छ, शिस्तीचं, जिन्याला दोन्हीकडून कठडा. कार्डावर माझ्या अक्षरात "पाणी: गोड". मी ते कार्ड बापाच्या हातात दिलं.

जावेने ते त्याच्या हातातून घेतलं, क्रमांक पाहिला, फोनवर बोट फिरवलं. "नळच न्हाई अक्का इथं. नळाचा रकाना कोरा हाय. निसतं बोअर."

"मी स्वतः प्यायले आहे तिथलं पाणी," मी म्हटलं.

ती उठली, माझ्या कपाटापाशी गेली आणि अंगठ्याला थुंकी लावून कार्डं उलटायला लागली. पाच, दहा, पंधरा. मग म्हणाली, "अक्का, सगळ्याच घरी पाणी गोड? लातुरात? आवो, एवढं गोड पाणी लातुरात असतं तर दुष्काळात रेल्वेनं कशाला आणावं लागलं असतं?"

देवणीकडचा माणूससुद्धा खाली मान घालून हसला. मला सगळ्यांदेखत हसला.

"तुम्ही जायच्या आधी सांगून जाता न्हाई का?" तिने विचारलं. आता आवाज मऊ होता, पण मला तो मऊपणाही नको होता. "उद्या चार वाजता येते, आसं. मग घरवाली पाव्हणीला काय बोअरचं पाणी देईल? विकतचा जार मागवून ठेवती. तुम्ही समद्या लातूरचं जारचं पाणी चाखलंय."

हैदराबादच्या शाळेत मला शिकवलं होतं की न कळवता कुणाच्या घरी जाऊ नये. ते मी आयुष्यभर पाळलं. आणि आपल्याकडे पाहुणा आला की आधी पाण्याचा पेला समोर येतो, तो मी दर वेळी नीट चाखून, घरी येऊन लिहून ठेवला. तिचं म्हणणं खरं आहे हे मला त्याच क्षणी कळलं होतं. म्हणूनच मी जास्त चिडले.

बापाकडे वळून मी म्हटलं, "त्या बाईंना मी तीस वर्षं ओळखते. तुम्ही कागदावर विश्वास ठेवा नाहीतर माझ्यावर."

तो गोंधळला. एकदा तिच्याकडे, एकदा माझ्याकडे पाहिलं. मग म्हणाला, "तुमच्यावरच मॅडम. तुमच्या शब्दाच्या भायेर न्हाई." दोन दिवसांनी मुलगी त्या खोलीत राहायला गेली.

जाऊ त्यावर मला एक शब्द बोलली नाही. मीही तिच्याशी बोलणं सोडलं. जेवणाचं ताट वाढायची आणि आत यायची. तुमचे आजोबा दोघींच्या मध्ये बसून वर्तमानपत्र मोठ्याने वाचायचे. आठवडाभर मी मनाशी घोकत होते की बाई भल्या आहेत, घर स्वच्छ आहे, काही होत नाही. एकदा तिथे जाऊन बघावं असं रोज वाटायचं. पण बघायला जाणं म्हणजे जावेचं म्हणणं मानणं, असं मला वाटत होतं.

मग त्या बाईंचाच फोन आला. घरी पूजा ठेवली होती, मला बोलावत होत्या. बोलता बोलता म्हणाल्या, "निघायच्या आधी फोन कर हं, तुझ्यासाठी जार मागवते. आमचं बोअरचं पाणी तुला कुठे पाजू? भांड्यावर पांढरे थर धरतात." किती प्रेमाने म्हणाल्या. त्यात लपवाछपवी अजिबात नव्हती. पाहुणीला चांगलं पाणी द्यावं, भाडेकरू मुली जे आहे ते पितात, यात काही वावगं आहे असं त्यांना वाटतच नव्हतं. आणि मलाही तोपर्यंत वाटलं नव्हतं.

मी फोन ठेवला, चपला घातल्या आणि तशीच निघाले. कुणाला सांगितलं नाही, त्यांनाही नाही. रिक्षातून उतरून थेट दुसऱ्या मजल्यावर गेले.

मुलगी खाली चटईवर पुस्तक घेऊन बसली होती. मला बघून गडबडून उठली. कोपऱ्यात बादली, बादलीत तुरटीचा खडा दोऱ्याला बांधून सोडलेला. मी विचारलं, "हेच पितेस?"

"गाळून घेते मॅडम."

"उकळत का नाहीस?"

"शेगडी लावू देत नाहीत वर. खाली मागायला गेले तर त्या बाई एक तांब्या देतात जारचं, पण रोज कसं मागावं?"

"मग मला का नाही सांगितलंस?"

ओढणी बोटाला गुंडाळत ती म्हणाली, "पप्पा म्हणाले, मॅडमनं मनापासून बघून दिलीय खोली, त्यांना वाईट वाटंल. पोट दुखतंय थोडं. पण ते मेसच्या जेवणानं असंल."

मी तिला खिडकीपाशी नेलं आणि तिच्या पापण्या खाली ओढून डोळे पाहिले. मला त्यातलं काही कळत नाही. पिवळे वाटले, मग नाही वाटले, मग पुन्हा वाटले. माझा मान राहावा म्हणून ही पोर आठवडाभर ते पाणी पीत होती. मी तिला म्हटलं, पुस्तकं भर. आधी डॉक्टरकडे नेलं. त्यांनी तपासून सांगितलं की अजून कावीळ दिसत नाही, पण पाणी आजच बदला. मग तिला घेऊन घरी आले.

आमच्या घराच्या वरच्या दोन्ही खोल्या आधीच भाड्याने गेलेल्या होत्या. मागच्या खोलीत जाऊ राहत होती. ओसरीवर ती माझ्या खुर्चीत, समोर मुरूडहून आलेलं एक कुटुंब. मला वाटलं, ते गेल्यावर बोलावं. पण मुलगी बॅग घेऊन उभीच होती. मी सगळ्यांसमोर म्हटलं, "तुझंच बरोबर होतं. हिला नळाचं पाणी असलेलं घर आजच्या आज पाहिजे. कुठे आहे सांग."

तिने फोन खाली ठेवला. "आता इच्चारून राहिल्या, अक्का?"

"आता विचारते आहे."

तिने आणखी टोमणा मारला असता तरी चाललं असतं. मी तयारही होते. पण तिने मुलीच्या हातातली बॅग घेतली आणि म्हणाली, "घर हाय. मी माझ्यासाठी धरलंय ते. दोन खोल्या हायेत, तळमजला, नळ जुना हाय अन् कागदात जेवढं घर तेवढंच जमिनीवर. मी सोमवारी जाणार व्हते, आज जाते. तू चल गं माझ्यासंगं. माझ्या गॅसवर पाणी उकळ, कोण नको म्हणतंय?"

संध्याकाळी दोघी गेल्या. तुमचे आजोबा सामान घेऊन रिक्षात बसले. मागची खोली रिकामी झाली, माझी खुर्ची मोकळी झाली, आणि मला कशाचंच सुख झालं नाही.

पुढच्या उन्हाळ्यात त्या मुलीने परीक्षा दिली. सोयरीक बापाने परत पाठवली, एवढं तेव्हा कळलं होतं. ती आजारी पडली नाही. रोज क्लासला लांब चालत जायची, आणि घरी आल्यावर जाऊ तिला भाकरी करून वाढायची. रविवारी दोघी मिळून तुम्हाला फोन करायच्या, हे मला तुमच्याकडूनच कळायचं. तुझ्या भावाने तिला जीवशास्त्राच्या आकृत्या समजावून सांगितल्या म्हणे. माझ्या नातवाने.

हल्ली जाऊ मला घरं बघायला पाठवते. "कागदात जिना दिसत न्हाई अक्का, मालकिणीचं तोंड बी दिसत न्हाई. ते तुम्ही बगा." मी जाते, कार्डं नव्याने लिहिते. "पाणी" या रकान्यात मात्र ती सांगेल तेच लिहिते. लोक अजून आधी तिलाच विचारतात. मला अजून त्रास होतो. कमी झाला आहे असं लिहिलं तर ते खोटं होईल.

निकाल लागला त्या दिवशी दुपारी मुलगी आली. सरकारी कॉलेजात जागा मिळेल एवढे गुण होते. तिने वाकून नमस्कार केला आणि पेढ्यांचा पुडा पुढे केला. पुडा आधीच उघडलेला होता आणि त्यातला एक पेढा कमी होता. तो आधी कुणाला दिला, ते मी विचारलं नाही. तिला उजेडाकडे तोंड करून बसवलं आणि तिचे डोळे पुन्हा एकदा नीट पाहिले. पांढरेशुभ्र होते. मग मी पेढा घेतला.